जुन्या मूकफिल्ममधली बोट रेस : वल्ही खरंच इतक्या वेगानं चालायची का?

मुळाकाठ

नमस्कार मंडळी. गेल्या रविवारी बाबांना लॅपटॉपवर ऑक्सफर्ड-केंब्रिजच्या बोट रेसची एक जुनी मूकफिल्म दाखवली. बाबा ८१ वर्षांचे आहेत. साठच्या दशकात ते पुण्याच्या इंजिनिअरिंग कॉलेजच्या बोट क्लबवर वल्हवायचे, पुढे मीही तिथेच वल्हवलं. त्यामुळे आमच्या घरी क्रिकेटच्या बरोबरीनं वल्ह्यांवर बोलणं होतं.

क्लिप जेमतेम तीन मिनिटांची आहे. वर कुणीतरी '१८९५' असं लिहिलंय. काठावर टोप्यांचा समुद्र, मागून धूर सोडत येणाऱ्या वाफेच्या लाँचेस, आणि मधे दोन लांबलचक नावा. पण ती आठ-आठ माणसं चावी दिलेल्या खेळण्यासारखी मागंपुढं होतायत. बाबांनी दोन मिनिटं पाहिलं आणि म्हणाले, "हे खोटं आहे. माणसं असं वल्हवत नाहीत." मी घड्याळ लावून मोजलं, तर मिनिटाला ५४ स्ट्रोक भरले. सुरुवातीच्या धडाक्यात दहा-पंधरा स्ट्रोक त्या गतीनं मारता येतील कदाचित, पण जवळजवळ सात किलोमीटर?

तेव्हाची माणसं खरंच असं वल्हवायची, की फिल्मच वेगानं पळतेय? आणि ही १८९५ ची आहे यावर विश्वास ठेवावा का?

प्राजक्ता_न

फिल्मच पळतेय. जुन्या सगळ्या मूकफिल्ममध्ये माणसं अशीच तुरुतुरु चालतात.

रीळवाला

प्राजक्ताताई, बरोबर, पण त्यामागचं कारण सांगायला हवं. माझं अर्धं आयुष्य प्रोजेक्शन रूममध्ये गेलं, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तेव्हाचा कॅमेरा हातानं हँडल फिरवून चालायचा. हँडलच्या एका फेऱ्यात आठ फ्रेम आणि सेकंदाला दोन फेरे, म्हणजे १६ फ्रेम, असा साधारण हिशोब होता. कॅमेरामनच्या हातावर आणि उजेडावर ते १४ ते २० असं हलायचं. बोलपट आले तेव्हा आवाजासाठी वेग पक्का करावा लागला आणि २४ ठरला. आता १६ नं चित्रित केलेली फिल्म २४ नं चालवली की सगळं दीडपट होतं. तुमच्या ५४ ला दीडनं भागा. ३६ येतात.

मिनिटाला ३६ स्ट्रोक जमतात का, ते बाबांना विचारा.

मुळाकाठ

रीळवाला काका, बाबांना वाचून दाखवलं. ते एकदम ताठ बसले आणि म्हणाले, "छत्तीस? मग बरोबर आहे. लांब शर्यतीला छत्तीस म्हणजे चांगलं दमदार वल्हवणं." मनापासून आभार!

पटनीकर

मी गेली अकरा वर्षं लंडनमध्ये पटनीला राहते. शर्यत जिथून सुटते तो दगड माझ्या घरापासून चालत दहा मिनिटांवर आहे, म्हणून या धाग्यावर लिहिल्याशिवाय राहवत नाही.

ज्यांनी ही शर्यत कधी पाहिली नाही त्यांच्यासाठी थोडी ओळख. पहिली शर्यत १८२९ साली हेन्लीला झाली. १८४५ पासून ती पटनी ते मॉर्टलेक या मार्गावर आली आणि १८५६ पासून दरवर्षी होऊ लागली. महायुद्धांच्या काळात खंड पडला, मग २०२० मध्ये कोविडमुळे. अंतर ४ मैल ३७४ यार्ड, म्हणजे सुमारे ६.८ किलोमीटर. गंमत अशी की ही शर्यत नदीच्या उगमाच्या दिशेनं, पण भरतीच्या पाण्यावर होते. थेम्सला इथे समुद्राची भरती लागते, त्यामुळे शर्यतीची वेळ दरवर्षी भरती बघून ठरते. आपल्या खाडीकाठच्या माणसाला हे वेगळं समजावून सांगायला नको.

आता साल. क्लिप मी चार वेळा पाहिली. दुसऱ्या मिनिटाला उजव्या हाताला, म्हणजे मिडलसेक्सच्या काठावर, एक छोटी कौलारू बंगली आणि मागे स्टँडचं छप्पर दिसतं. ते फुलहॅम फुटबॉल क्लबचं क्रेव्हन कॉटेज मैदान. ती बंगली आणि स्टँड आर्चिबाल्ड लीच या वास्तुविशारदानं १९०५ साली बांधले. म्हणजे फिल्म १९०५ च्या आधीची असूच शकत नाही.

दुसरी खूण शेवटाला आहे. शर्यत संपते त्याच्या जरा पुढे आज चिझिक ब्रिज आहे, तो १९३३ साली खुला झाला. क्लिपमध्ये शेवटी पुढची नदी मोकळी दिसते. तेव्हा १९०५ ते १९३३ च्या मधली कुठली तरी.

अनुस्वार

वा पटनीकर! पुलावरून सिनेमाची कुंडली मांडली तुम्ही.

फिरस्ता_६२

शेवटी पुढे असलेल्या नावेच्या वल्ह्यांची पाती पांढरीफटक दिसतात. म्हणजे फिकट निळे, केंब्रिज. केंब्रिजनं १९२४ ते १९३६ ओळीनं तेरा शर्यती जिंकल्या होत्या. त्यामुळे १९२४ नंतरची असण्याची शक्यता जास्त.

रीळवाला

फिरस्ता, शक्यता म्हणून ठीक, पुरावा म्हणून नको. १९०५ नंतर केंब्रिज त्याआधीही जिंकलेलं आहे. आणि जुन्या फिल्मवर निळ्या रंगाचा भरवसा धरू नये. तेव्हाच्या इमल्शनला, म्हणजे फिल्मवरच्या रसायनाच्या थराला, निळा उजेड फार लागायचा आणि लाल जवळजवळ दिसायचाच नाही. म्हणून त्या काळच्या चित्रात आकाश कोरं पांढरं येतं, ढग हरवतात आणि लाल वस्तू काळी उमटते. निळा जितका फिका, तितका तो पांढऱ्याकडे जातो. केंब्रिजची पाती पांढरी दिसतील हे खरं, पण ऑक्सफर्डचा गडद निळाही प्रत्यक्षापेक्षा उजळ येतो. उन्हाची तिरीप पडली तर दोन्हींत फरक राहत नाही. दोन्ही नावा शेजारी असताना तुलना करा, एकटी नाव पाहून ठरवू नका.

केतकी_वर्तक

मी याच शर्यतीची रंगवलेली आवृत्ती पाहिली आहे, साठ फ्रेमवाली, संगणकानं गुळगुळीत केलेली. मला ती फार आवडली. पाणी खरं वाटतं, माणसं जिवंत वाटतात. माझ्या दहा वर्षांच्या मुलीनं काळीपांढरी क्लिप अर्ध्या मिनिटात बंद केली असती, रंगीत मात्र शेवटपर्यंत पाहिली.

रीळवाला

केतकीताई, मुलीनं शेवटपर्यंत पाहिली याचा आनंदच आहे. पण त्यात काय झालंय ते मुलीलाही सांगा. १६ चित्रांमधून ६० चित्रं करायची तर मधली ४४ संगणक मनानं काढतो. चालणाऱ्या माणसात ते खपून जातं. वल्ह्याचं पातं पाण्यात शिरतानाचा क्षण मात्र सेकंदाचा छोटासा तुकडा असतो. तिथे संगणकाला दोन चित्रांमधलं काहीच माहीत नसतं, मग तो पातं पाण्यात विरघळवतो. वल्हेकऱ्याला जे बघायचं असतं नेमकं तेच तिथे खोटं असतं. आणि रंग? काळा दिसणारा कोट मुळात लाल होता की काळा, हे त्या फिल्मवरून संगणकाला कळणार नाही.

पटनीकर

लाल कोटाचा विषय निघालाच आहे तर सांगते. केंब्रिजच्या सेंट जॉन्स कॉलेजच्या नौका क्लबचं नाव लेडी मार्गारेट बोट क्लब. त्यांचे कोट इतके भडक लाल, की पेटल्यासारखे दिसायचे, म्हणून त्यांना ब्लेझर म्हणू लागले. आपल्या शाळेच्या गणवेशातला ब्लेझर हा शब्द तिथून आला. आणि तो पेटता लाल त्या काळच्या फिल्मवर काळाकुट्ट दिसला असता!

अनुस्वार

सेंट जॉन्स म्हणजे आपल्या रँग्लर परांजप्यांचं कॉलेज ना?

फिरस्ता_६२

हो. दापोलीजवळच्या मुर्डीचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे १८९९ साली केंब्रिजला सीनियर रँग्लर, म्हणजे गणिताच्या ऑनर्स परीक्षेत पहिले, झाले, ते सेंट जॉन्सचेच. योगायोग बघा, त्याच १८९९ साली केंब्रिजनं बोट रेसही जिंकली. त्याआधीची नऊ वर्षं ओळीनं ऑक्सफर्ड जिंकत होतं. गावात त्या वसंतात काय वातावरण असेल!

गणित आणि वल्ही यांचं तिथे आणखी एक नातं आहे. गणिताच्या ऑनर्स परीक्षेत जो शेवटचा यायचा त्याला मित्र लाकडी चमचा द्यायचे. १९०९ साली शेवटचा चमचा दिला गेला तो मीटरभराहून लांब होता, आणि लेडी मार्गारेट क्लबच्या वल्ह्याच्या पात्याचा केलेला होता. पुढच्या वर्षापासून क्रमवारी जाहीर करणंच थांबलं.

आणि आता धाग्याच्या विषयाकडे येतो. परांजपे डिसेंबर १९०१ मध्ये मुंबईला परतले, तेव्हा त्यांच्या स्वागताचं चित्रण हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी, म्हणजे सावेदादांनी केलं. केंब्रिजहून परत आलेला मराठी माणूस, आणि त्याला टिपणाराही मराठी माणूसच. आपल्याकडच्या बातमीपटाची सुरुवात तिथून धरतात.

रीळवाला

फिरस्ता, तुम्ही माझ्या तोंडचा घास काढलात, पण आनंदानं. सावेदादांनी ७ जुलै १८९६ नंतर वॉटसन्स हॉटेलमधले ल्युमिएरचे खेळ पाहिले आणि लंडनहून कॅमेरा मागवला. १८९९ मध्ये हँगिंग गार्डनला कुस्तीचं चित्रण केलं. फिल्म धुवायला पुन्हा लंडनला पाठवावी लागली. कुस्ती का निवडली असेल, याचा मी पुष्कळ विचार केलाय. सुरुवातीच्या कॅमेऱ्याला खेळ फार सोयीचे. काय चाललंय ते शब्दांशिवाय कळतं, आणि लोक आधीच जमलेले असतात.

तळकोकणी

आमच्या गावाक नारळी पुनवेक होडयांची शर्यत असता, ता माका ह्या धाग्यार आठावला. आता मराठीत लिहितो.

एक शंका. पटनीकरताई, त्या नावांच्या दोन्ही बाजूंना लोखंडी तिकाटण्यासारखं काहीतरी बाहेर आलेलं दिसतं. ती उलांडी का? आमच्या होडीला एका बाजूला उलांडी असते, नाव कलंडू नये म्हणून.

मुळाकाठ

तळकोकणी भाऊ, दिसायला तसं वाटतं, पण काम निराळं. उलांडी पाण्यावर टेकते आणि नावेला तोल देते. हे जे आहे ते आउटरिगर. ते पाण्याला लागतच नाही, वल्हं ज्यात अडकतं ती कडी नावेच्या बाहेर धरतं. त्यामुळे नाव हवी तितकी अरुंद करता येते आणि तरीही वल्ह्याला लांब दांडा मिळतो. तोल मात्र आठ जणांच्या हातात. एकानं हात चुकवला की अख्खी नाव डोलते. बोट रेसमध्ये आउटरिगर १८४६ साली आले आणि सरकती बैठक १८७३ साली. आमच्या बोट क्लबवर पहिले दोन महिने फक्त तोल शिकण्यात जायचे.

तळकोकणी

समजलं. म्हणजे आमची नाव माणसाला सांभाळते, त्यांची नाव माणसांनी सांभाळायची.

कृष्णाकाठ_सांगली

इतका वेळ वाचत होतो. एक मनातलं बोलतो, राग नसावा. इंग्रजांच्या दोन विद्यापीठांच्या शर्यतीचं साल आपण छप्पर बघून शोधतोय. आमच्याकडं कृष्णेत पावसाळ्यात होड्यांच्या शर्यती होतात. आयर्विन पुलावर पाय ठेवायला जागा नसती. सांगलीवाडीची पोरं नदीत वल्ही मारत्यात तवा पूल नुसता गरजतो. माझे आजोबा त्यात वल्हवायचे. त्यांचा एक फोटो नाही घरात, फिल्म तर लांबच. त्यांची वल्ही मिनिटाला किती पडत होती ते आम्ही कुठनं मोजायचं?

पटनीकर

कृष्णाकाठ दादा, तुमचं वाचून पोटात तुटलं. राग कसला. इथे १८९५ पासून कुणी ना कुणी कॅमेरा घेऊन उभं राहिलं, म्हणून आज आपल्याला भांडायला काहीतरी आहे. तुमच्या आजोबांबरोबर वल्हवलेलं कुणी हयात असेल तर त्यांच्याकडून ऐकून ठेवा ना. नाव किती लांब, किती माणसं, ठेका कोण धरायचं, आरोळी काय असायची. मूकफिल्ममध्ये नेमकं हेच हरवतं. नावेत बसून हुकूम देणाऱ्या कॉक्सचं तोंड हलताना दिसतं, तो काय ओरडतोय ते कधीच कळणार नाही.

मल्लूमराठी

डोंबिवलीत वाढलो, मूळ गाव आलप्पुळा. आवाजाचा मुद्दा अगदी पटला. आमच्या पुन्नमडा तलावातल्या नेहरू ट्रॉफीची सुरुवात १९५२ साली झाली. चुंडन वळ्ळम म्हणजे शंभराहून जास्त फूट लांब नाव आणि शंभराच्या आसपास वल्हेकरी. नावेच्या मध्यावर माणसं उभी राहून लाकडावर ठोके देतात, त्या ठोक्यावर सगळी वल्ही पडतात, आणि वर वंचिप्पाट्टु, म्हणजे नावेचं गाणं, चालू. त्याचा आवाज बंद करून पाहिलं तर निम्मी शर्यत गेली. माझी आजी शर्यत डोळे मिटून ऐकायची आणि कोण पुढे आहे ते सांगायची.

अनुस्वार

डोळे मिटून! मल्लूमराठी, यावर वेगळा धागा काढा.

रीळवाला

कृष्णाकाठ, पटनीकर म्हणतात ते मनावर घ्या.

आता १८९५ चं पाहू, कारण तो आकडा कुणीतरी हवेतून काढलेला नाही. त्या वर्षी ३० मार्चला झालेली बोट रेस बर्ट एकर्स या छायाचित्रकारानं खरोखरच चित्रित केली होती. ब्रिटनमधल्या अगदी पहिल्या चित्रपटांपैकी ती एक.

मागची गोष्ट अशी. एडिसननं किनेटोस्कोप नावाची पेटी बनवली, एका वेळी एकाच माणसानं भोकाला डोळा लावून बघायची. ब्रिटनमध्ये त्याचं पेटंट त्यानं घेतलं नव्हतं. लंडनच्या रॉबर्ट पॉल या उपकरणं बनवणाऱ्या कारागिरानं तशाच पेट्या तयार केल्या. पण अशा पेट्यांसाठी एडिसन फिल्म देईना. मग पॉलला स्वतःचा कॅमेरा हवा झाला, आणि तो एकर्सबरोबर तयार झाला. लगेच मार्चअखेरीस एकर्स थेम्सवर हजर. ल्युमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये पहिल्यांदा खासगी खेळ केला तो २२ मार्च १८९५ ला, म्हणजे फक्त आठ दिवस आधी. तिकीट लावून खेळ झाले ते डिसेंबरात. एकर्सनं मे महिन्यात डर्बीची घोड्यांची शर्यतही टिपली. जुलैच्या सुमारास दोघांचं बिनसलं ते कायमचं.

आता मुळाकाठ, तुमच्या क्लिपबद्दल. किनेटोस्कोपची फिल्म साधारण ५० फूट. फुटाला १६ फ्रेम, म्हणजे ८०० फ्रेम. पेटी सेकंदाला सुमारे ४० फ्रेमनं चालायची. भागाकार करा : २० सेकंद! शर्यतीला लागतात वीस मिनिटं आणि पेटीत दिसतात वीस सेकंद. तीन मिनिटांची क्लिप तिथेच बाद.

आणि त्याहून मजेशीर गोष्ट. ४० फ्रेमनं टिपलेली फिल्म आजच्या २५ नं चालवली तर ती पळणार नाही, रेंगाळेल. ३६ स्ट्रोकचे साडेबावीस दिसतील. तुमची क्लिप पळतेय, याच कारणानं ती १८९५ ची नाही. क्रेव्हन कॉटेजची बंगली दिसली नसती तरी हे सांगता आलं असतं.

प्राजक्ता_न

काका, मी पहिल्याच प्रतिसादात 'जुन्या सगळ्या' म्हणून मोकळी झाले होते. सगळ्यात जुनी उलट हळू दिसेल हे कधी डोक्यातच आलं नव्हतं. फार सुंदर लिहिलंत.

केतकी_वर्तक

मग बरोबर वेग म्हणजे काय, ते कुणी ठरवायचं? तेव्हाचा ऑपरेटरही हँडल मनाप्रमाणे फिरवत असेल. थिएटरात लोकांनी ती पळतीच पाहिली असेल. मग पळती हीच खरी, असंही म्हणता येईल की.

रीळवाला

प्रश्न अगदी रास्त आहे. ऑपरेटर खेळ लवकर आटपायला जोरात फिरवायचे, हे खरं. लोकांनी पाहिलेली फिल्म एक आणि नदीवर घडलेली शर्यत दुसरी. मुळाकाठच्या बाबांना दुसरी हवी आहे, म्हणून मी त्या बाजूनं बोलतोय.

जुना_कोच

पहिल्यांदाच लिहितोय. वीस-बावीस वर्षं मुलांना वल्हवायला शिकवलं. तुम्ही सगळे स्ट्रोक मोजताय, पण ३६ हे शेवटी गृहीत धरलेलं आहे. ताळा करायला दुसरा मार्ग हवा. तो नावेच्या लांबीचा.

त्या काळची एट, म्हणजे आठ वल्हेकऱ्यांची नाव, साधारण ६० फुटांची, म्हणजे १८ मीटरच्या वर. क्लिपमध्ये एका ठिकाणी नावा नांगरलेल्या बार्जच्या टोकावरून जातात आणि तेवढ्या वेळेला कॅमेरा काठावर स्थिर आहे. नावेचं नाक बार्जच्या टोकाला आल्यापासून शेपूट जाईपर्यंत मी दहादा वेळ घेतली. सरासरी सव्वादोन सेकंद. म्हणजे सेकंदाला आठ मीटर. या मार्गाचा विक्रम केंब्रिजचा, १९९८ साली १६ मिनिटं १९ सेकंद. तोसुद्धा सरासरी सेकंदाला सात मीटरच्या आतच बसतो. लाकडी नाव आणि जुनी अरुंद पाती घेऊन आठ मीटर कुणीही जाऊ शकत नाही. दीडनं भागलं की साडेपाचच्या जरा खाली येतं. त्या वेगानं ६.८ किलोमीटरला एकवीस मिनिटं लागतात, आणि त्या काळात शर्यतीला साधारण तेवढाच वेळ लागायचा. म्हणजे दोन निरनिराळ्या वाटांनी आपण एकाच ठिकाणी पोचलो.

पण मला सांगायचंय ते वेगळंच. फिल्म कुठल्याही वेगानं चालवा, एक गोष्ट बदलत नाही. वल्हं पाण्यातून निघालं की मागे भोवरा राहतो. एका स्ट्रोकचा भोवरा आणि पुढच्या स्ट्रोकचा भोवरा यांत किती अंतर आहे, ते बघा. नाव एका स्ट्रोकला किती गेली ते त्यावरून कळतं. यात घड्याळ लागत नाही, हँडल फिरवणाऱ्याचा हातही आड येत नाही. चित्र थांबवून नावेच्या लांबीशी ताडून पाहिलं तर ते अंतर जवळपास अर्धी नाव भरतं, नऊ मीटरच्या आसपास. नऊ मीटर म्हणजे ती मुलं चांगली वल्हवत होती. घाईनं मारामारी करणाऱ्यांची नाव एका स्ट्रोकला इतकी जात नाही.

मुळाकाठ

सर, तुमचा प्रतिसाद वाचून मी लॅपटॉप घेऊन सरळ बाबांच्या खोलीत गेलो. भोवऱ्यांचं ते लगेच म्हणाले, "आमचे कोच हेच बघायचे. सायकलवरून काठानं यायचे आणि नजर नावेवर नाही, मागच्या पाण्यावर."

अनुस्वार

या शर्यतीत दोन्ही नावा एकदा बुडाल्याही होत्या ना?

पटनीकर

हो, १९१२ साली. ३० मार्चला इतकं खवळलेलं पाणी होतं की केंब्रिजची नाव बुडाली आणि ऑक्सफर्डचीही पाण्यानं भरली. शर्यत रद्द करून १ एप्रिलला पुन्हा घेतली, ती ऑक्सफर्डनं जिंकली.

आणि १८७७ ची तर बरोबरीत सुटली, आजवरची तशी एकमेव. तेव्हाचे पंच नाव पोचली तेव्हा झुडपाखाली झोपले होते आणि नंतर "बरोबरी, ऑक्सफर्ड चार फुटांनी" म्हणाले, अशी दंतकथा इथे अजून सांगतात. त्या बिचाऱ्याला ती जन्मभर चिकटली. कॅमेरा अठरा वर्षं आधी आला असता तर त्याची सुटका झाली असती, किंवा उलट पक्की अडकवणूक!

कृष्णाकाठ_सांगली

पटनीकर ताई, रीळवाला काका, काल सांगलीवाडीला जाऊन आलो. आजोबांबरोबर वल्हवलेले एक आबा आहेत, वय नव्वदीच्या घरात. फोनवर दीड तास बोलणं रेकॉर्ड केलं. नाव पाण्यात कशी सोडायची, पुराच्या पाण्यात मधली धार का टाळायची, काठाकडनं कसं यायचं, सगळं सांगितलं. मधेच उठून उभे राहिले आणि हातात वल्हं असल्यागत करून दाखवलं. तेवढ्यासाठी मी रेकॉर्डिंग बंद करून व्हिडिओ चालू केला. मिनिटभराचा आहे.

आणि मी मोजलं. त्यांचे हात मिनिटाला चाळीसच्या पुढं जात होते.

जुना_कोच

कृष्णाकाठ, तो व्हिडिओ जपून ठेवा. दोन ठिकाणी प्रत काढून ठेवा. चाळीस अगदी शक्य आहे. छोटी नाव, छोटं वल्हं आणि कमी अंतर असेल तर हात तेवढे जातातच. जमलं तर आबांना विचारा, वल्ह्याचं पातं किती रुंद असायचं. वीत की दीड वीत?

तळकोकणी

आणि लाकूड कसलं, तेही विचारा.

कृष्णाकाठ_सांगली

विचारतो. रविवारी परत बोलावलंय त्यांनी. जेवायलाच या म्हणाले.

केतकी_वर्तक

मुलीला दोन्ही क्लिप दाखवल्या. रंगीत थांबवून थांबवून पाहिली, तेव्हा तिनंच दाखवलं : "आई, इथे वल्हं गायब झालंय." रीळवाला काका, तुमचं म्हणणं तिला माझ्या आधी कळलं.

मुळाकाठ

सगळ्यांचे आभार मानायला थोडा उशीर झाला, आज निवांत बसून लिहितोय.

रीळवाला काकांनी सांगितल्याप्रमाणे क्लिप उतरवून घेतली आणि वेग दोन-तृतीयांश केला. काल संध्याकाळी बाबांना पुन्हा दाखवली. पहिल्या स्ट्रोकलाच फरक दिसला. माणसं माणसांसारखी पुढे वाकली, पाती पाण्यात बसली (तोच 'कॅच'), पाठी ओढल्या गेल्या. आणि मग मधे, हात परत पुढे जाताना, नाव नुसती सरकत राहिली. पळत्या फिल्ममध्ये ते सरकणं दिसतच नव्हतं. रात्री मुळेवर सराव करताना, वल्ही वर असताना नावेखालून जाणाऱ्या पाण्याचा जो बारीक आवाज यायचा, तो मला या मुक्या चित्रात ऐकू आल्यासारखा झाला.

बाबा काही बोलले नाहीत. तीन मिनिटं संपली, तशी त्यांनी बोटानं खूण केली, पुन्हा लाव. तिसऱ्यांदा लावल्यावर चष्मा पुसून स्क्रीनजवळ सरकले आणि मागच्या नावेच्या बो-वर, म्हणजे नाकाकडच्या टोकावर, बोट ठेवून म्हणाले, "हा बघ, बो-कडून तिसरा. कॅचला दर वेळी जरा उशिरा येतोय. त्याला कुणी सांगितलं नाही का रे?"